परातीतले पाय

भैय्यालाल आणि मी कीर्तनाचे सोबती. सालेकसा-आमगाव पट्ट्यात कुठेही सप्ताह बसला की आधी त्याचा फोन यायचा. "चंद्रकुमार भाऊ, आंघोळ झाली का? निघून राहिलो मी." रोवणी असो की कापणी, काल्याचं कीर्तन तो चुकवत नसे. बुवांनी अभंगाचं पहिलं चरण धरलं की त्याचे डोळे मिटत, आणि कथा लागायच्या आतच गालावरून पाणी वाहू लागे. शेजारचे हसत. "भैय्यालालजी, बुवा अजून नमनावरच आहेत, आताच काय रडून राहिले?" उपरण्यानं तोंड पुसत तो म्हणे, "कथेत लय गर्दी होते ना गा, मंग रडाले जागा मिळत नाई."

असा मऊ माणूस. म्हणूनच पुढचं सांगणं मला जड जातं.

योगेश्वरी त्याची एकुलती एक लेक. ती आठवीत असेल, तेव्हा तिच्या उजव्या पायाच्या अंगठ्याच्या बुडाशी हाड वर यायला लागलं. हळूहळू अंगठा आतल्या बाजूला कलला. शेजारच्या बोटाला जागा उरली नाही, तर ते अंगठ्याच्या पाठीवर चढून बसलं. भैय्यालालच्या आईचा पाय हुबेहूब असाच होता. म्हणून घरात काळजी नव्हती, उलट कौतुकच होतं. "आजीचा पाय घेऊन आली पोट्टी," म्हणत. पुढे योगेश्वरी पोलीस भरतीसाठी पहाटे रेल्वे फाटकाजवळच्या रस्त्यावर धावायला लागली. चुलतभावाचे जुने बूट, पुढून निमुळते. धावून आली की मोजा काढताना ओठ चावायची, हाडावरची कातडी लाल होऊन सोललेली असायची. शेवटी धावणं सुटलं. आमगावला कॉम्प्युटर सेंटरवर शिकवायला जाऊ लागली. उन्हाळ्यातही पायात बंद मोजडी. पाय कुणाला दिसू नये म्हणून.

सोयरीक जमली ती गोरेगावजवळच्या गावी. मुलगा हिमांशू, त्याचं कृषी केंद्र होतं, बियाणं आणि खताचं दुकान. वडील दुर्गाप्रसादजी, सरळ बोलणारा माणूस. साक्षगंधाला, म्हणजे साखरपुड्याला, त्यांच्याकडून दहा-बारा बाया आल्या. त्यात हिमांशूची आत्या रामबाई. बिछियांचं, पायातल्या जोडव्यांचं, माप घ्यायला ती सुताचा धागा घेऊन योगेश्वरीच्या पायाशी बसली आणि मोठ्यानं म्हणाली, "अवो शामकला, बिछिया कोन्या बाजूनं चढवाची वो? हे बोट त अंगठ्याच्या मांडीवर बसून राहिलं!"

बाया खदखदून हसल्या. रामबाईच्या मनात काही वाईट नव्हतं, तिची जीभच तशी. स्वतःच्या नवऱ्यालाही ती सोडत नसे. पण योगेश्वरीनं पाय साडीखाली ओढून घेतला. तिची आई शामकला हसता हसता थांबली. पाहुणे गेल्यावर ती नवऱ्याला एवढंच बोलली, "मांडवात पाय परातीत येतीन. तवा साऱ्या गावापुढं हसतीन."

आमच्या पवार समाजात लग्नात पाय पखारणं असतं. नवरा-नवरीला पाटावर बसवायचं, दोघांचे पाय पितळी परातीत ठेवायचे, आणि हळद-दूध घातलेल्या पाण्यानं आईबापापासून लांबच्या भाऊबंदापर्यंत एकेकानं ते धुवायचे. धुतलेलं पाणी डोळ्यांना लावायचं. थोरली माणसं तोवर उपाशी असतात. त्या घटकेला लेक लेक नसते, देवीच्या ठिकाणी असते. मी स्वतः किती पोरींचे पाय धुतले असतील, आणि दर वेळी मला वाटलेलं आहे की देवळात घडत नाही ते इथं घडतं.

तर भैय्यालाल आणि शामकला योगेश्वरीला घेऊन गोंदियाला हाडांच्या डॉक्टरकडे गेले. मीही गेलो, कारण दवाखान्यात भैय्यालालची वाचा बसते.

डॉक्टर तरुण होता, हिंदीत बोलायचा. पाय हातात घेऊन त्यानं अंगठा हलवून पाहिला आणि म्हणाला, "बनियन है."

भैय्यालाल माझ्या कानाशी आला. "बनियन त अंगात घालतेत ना गा? पायात कवा गेली?"

डॉक्टरनं ऐकलं आणि तो हसला. मग समजावून सांगितलं, अंगठ्याच्या बुडाशी वर आलेल्या हाडाला इंग्रजीत तसं म्हणतात. हाडाची ठेवणच घराण्यातून आली होती. बुटानं ती केली नाही, वाढवली मात्र. रुंद पंजाची चप्पल, बोटांमध्ये ठेवायची मऊ गादी, पायाचे व्यायाम यांनी दुखणं कमी होतं, पण हाड सरळ होत नाही. हाड सरळ करायचं तर ते कापून जागेवर बसवावं लागतं.

"लेकिन काका, दिखाने के लिए मत करवाना. दर्द है तो करवाना." मग तो योगेश्वरीकडे वळला. "दर्द है?"

"रोज," ती म्हणाली. "उभं राहून शिकवते ना सर. सायंकाळी पाय टेकवत नाही."

हे खरंच होतं. लग्न जेठातलं, अजून लांब. डॉक्टर म्हणाला, तोवर पाय छान भरून येईल. कुणी कुणाशी खोटं बोललं नव्हतं. फाल्गुनात मोहफुलं पडायला लागली त्या दिवसांत ऑपरेशन झालं.

एक्स-रे मिळाला तेव्हा भैय्यालालनं तो दवाखान्याच्या फाटकात उभं राहून उन्हावर धरला. अंगठा सरळ. आत दोन बारीक स्क्रू. चढलेलं बोट खाली आणून त्यात आरपार एक तार घातलेली, तिचं टोक बोटाच्या बाहेर, त्यावर इवलीशी टोपी. "पाह्य गा भाऊ," तो मला म्हणाला, "पांडुरंगाचे समचरण. माह्या पोरीचे बी आता तसेच." येणाऱ्याजाणाऱ्याला त्यानं तो एक्स-रे दाखवला. चहावाल्यालाही.

डॉक्टरचं सांगणं कडक होतं. दीड महिना कडक तळव्याच्या चपलेत टाचेवर चालायचं. पट्टीला पाणी लागू द्यायचं नाही. मग तार तो स्वतः काढेल, दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही. योगेश्वरीनं सगळं पाळलं. खाटेवर पाय उशीवर ठेवून बसायची आणि मी गेलो की म्हणायची, "काका, आता मी चपलेच्या दुकानात जाऊन उघडी चप्पल घेणार. पट्ट्यापट्ट्याची."

आणि दुर्गाप्रसादजींचा फोन आला. त्यांचे वडील खाटेला लागले होते. म्हातारा पाणीसुद्धा चमच्यानं घेत होता आणि एकच धोशा, नातसून पाहू द्या. लग्न अलीकडे घ्या म्हणाले. मुहूर्त निघाला तो असा, की तार निघायला अजून निम्मे दिवस बाकी.

मरणाऱ्या माणसाच्या इच्छेला नाही कोण म्हणेल? भैय्यालालनं होकार दिला आणि मग डॉक्टरला फोन लावला. डॉक्टर म्हणाला, "शादी करो, किसने रोका? पट्टी के साथ करो. कुर्सी पर बिठाओ. बस पानी नहीं लगना चाहिए."

त्या सायंकाळी मी त्यांच्या ओसरीत बसलो होतो. शामकला तांदूळ निवडत होती. ती सूप खाली ठेवून म्हणाली, "लक्ष्मीच्या पायाले फडकं बांधून परातीत ठेवाचं? पाणी अंगाले लागलंच नाई त कन्यादान कसं पुरं होते?"

मी म्हटलं, "वहिनी, डावा पाय परातीत ठेवू. उजव्यावरून फुलानं नुसतं पाणी ओवाळू. देव काय बोटं मोजून राहिला?"

"देव नाई मोजत. इहिणी मोजतेत."

"मंग दुर्गाप्रसादजीले फोन कर ना गा भैय्यालाल. पोरीच्या पायाचं ऑपरेशन झालं म्हणून सांग. लपवाचं काय त्यात?"

भैय्यालालनं सुपातले दोन दाणे उचलून पाहिले. मग म्हणाला, "पोट्टीच्या हाडात खिळे ठोकले म्हणून सांगू? खोट असलेली पोट्टी देऊन राहिले म्हणतीन. आधीच हसले ते."

"हसली एक बाई."

"एक हसली का सारे हसतेत, भाऊ."

त्याच आठवड्यात शेजारच्या गावी सप्ताहाची समाप्ती होती. काल्याच्या कीर्तनाला आम्ही दोघं गेलो. मी मनात म्हणत होतो, जे मला जमलं नाही ते बुवांकडून होऊ दे. आणि बोलले की बुवा! पायावरच निरूपण लागलं. टाळकरी थांबले, पेटीचा सूर तेवढा धरून ठेवलेला, आणि बुवा हळू आवाजात म्हणाले, "मायबाप, पाय धुणं सोपं आहे. तांब्याभर पाणी लागतं. पण ज्याचे धुतो त्याला कुठं दुखतं, हे जाणायला पाणी पुरत नाही." माझ्या अंगावर काटा आला. शेजारी भैय्यालाल हुंदके देत होता.

परतताना गाडीवर मी मागं वळून म्हटलं, "आज बुवा तुह्यासाठीच बोलले बरं."

"खरं हाय गा," तो म्हणाला. त्याचा आवाज अजून ओला होता. थोडं पुढं गेल्यावर म्हणाला, "परात नवी घेतली मी. मोठी पाहून. दोघायचे पाय आरामात मावतीन."

मी गाडी चालवत राहिलो. कानातून आत गेलेलं कुठं जाऊन थांबतं, ते त्या पांडुरंगालाच ठाऊक.

हळदीच्या दिवशी सकाळी मी मांडवाला आंब्याचे डहाळे घेऊन गेलो. योगेश्वरी खाटेवर बसली होती. खाली जमिनीवर पट्टीचे तुकडे. खिडकीत एका वाटीत ती तार ठेवलेली, शिवणाच्या सुईपेक्षा थोडी जाड. शेजारी भैय्यालालची मोटारपंप उघडायची पकड, उकळून घेतलेली, अजून ओली.

"मीच काढली," भैय्यालाल म्हणाला. "सहज निघाली गा. रगत बी नाई आलं."

मी योगेश्वरीकडे पाहिलं. तोंड पांढरं पडलेलं, पण हसत होती. "काका, बाबूजीचा हात जरासुद्धा हलला नाही. डॉक्टर झाले असते ते."

"तुले इचारलं तरी का बाई?"

"मीच म्हटलं काढा म्हणून. माय जेवत नव्हती ना दोन दिवसांपासून."

शामकला आतल्या खोलीत हळद कालवत होती. ती बाहेर आली नाही. मी डहाळे तिथंच ठेवले. निघालेली तार परत कशी घालणार?

लग्न थाटात झालं. म्हाताऱ्याला जीपमध्ये गादी घालून आणलं होतं, त्याला मांडवाच्या कडेला खाटेवर टेकवून बसवलं. पाय पखारायची वेळ झाली. परातीत दोन जोड्या पाय. योगेश्वरीचा उजवा पाय खरंच सरळ होता, आळता लावलेला, कडेनं टाक्यांची रेघ हळदीत झाकून गेलेली. बोटाच्या टोकाशी, जिथं तार होती, तिथं मुंगीएवढं भोक.

पहिलं पाणी भैय्यालालचं. त्यानं दोन्ही हातांनी पाय धुतले, पाणी डोळ्यांना लावलं आणि उठताना त्याचा तोल गेला, उपाशीपोटी होता. मग शामकला. मग काका, मामा, आत्या, मावश्या, भाऊबंद, गाव. प्रत्येक जण चांगला दाबून धुवत होता, पुण्य जास्त लागावं म्हणून. परातीतलं पाणी पिवळं होतं ते गढूळ झालं. माझी पाळी आली तेव्हा मी डाव्या पायालाच हात लावला. वर पाहिलं. बाशिंगाच्या माळांमागं योगेश्वरीचे ओठ घट्ट मिटलेले होते.

बिछिया घालायला रामबाई बसली. "पाहा वो बायांनो, कसा सरळ पाय! मलेच मेलीले त्या दिवशी कमी दिसलं." असं म्हणत तिनं बिछिया त्या बोटात चढवली. ती तंग होती, म्हणून अंगठ्यानं रेटून चढवली. योगेश्वरीच्या घशातून एक बारीक आवाज आला. वाजंत्री चालू होती. मग फेरे झाले, त्या पायावर.

सासरी दुसऱ्या दिवशी अंगात कणकण, मग ताप. लग्नाचा शीण असेल म्हणाले सगळे. ती पायात मोजे घालून वावरत होती. सांगायचं तर सगळंच सांगावं लागलं असतं, आणि मग बाप खोटा पडला असता. खाटेवर म्हातारा तिचा हात धरून असायचा. ती तिथं बसून राही, पाय लोंबता, आणि पाय फुगत होता. शेवटी हिमांशूला वास आला. त्यानं मोजा ओढला आणि तिला तशीच उचलून गाडीत घातली.

आम्ही गोंदियाला पोचलो तेव्हा तोच तरुण डॉक्टर बाहेर आला. तो ओरडला असता तर बरं झालं असतं. त्यानं फक्त विचारलं, "तार किसने निकाली?"

भैय्यालालनं वर्गातल्या पोरासारखा हात वर केला.

पू हाडात गेला होता. ते बोट ठेवता आलं नाही. स्क्रू काढावे लागले, अंगठा पुन्हा कलला. पुढं कधी तरी, सगळं भरून आल्यावर, अंगठ्याचा सांधा कायमचा बांधून टाकता येईल, म्हणजे दुखणार नाही पण वाकणारही नाही, असं डॉक्टरनं सांगितलं. रोवणीत वाकायचं, जमिनीवर उकिडवं बसायचं, धावायचं, ते आता विसरा म्हणाला. पायाची शीरसुद्धा दुखावली होती, पंजाला स्पर्श कळत नव्हता.

दुर्गाप्रसादजी दवाखान्याच्या बाकावर भैय्यालालच्या शेजारी येऊन बसले. मला वाटलं, आता भांडण होणार. ते हळूच बोलले. "इवाई, माह्या बापाले नातसून पाहाची होती. तो तिचं तोंड पाहत होता, पाय नाई. पट्टीसंगं आणली असती त आमी खुर्ची दिली असती. तुमी आमाले एवढं लहान काऊन समजले?"

भैय्यालाल उपरण्याचं टोक बोटाला गुंडाळत राहिला.

रामबाई भिंतीला टेकून उभी होती. ती म्हणाली, "मी हसली होती, म्हणून का?" तिनं हे दोनदा विचारलं, एकदा शामकलेला, एकदा मला. ती डोक्यावरचा पदर तोंडात कोंबून बाहेर गेली.

म्हातारा त्याच पंधरवड्यात गेला. योगेश्वरी दवाखान्यातच होती.

राखीला हिमांशू तिला माहेरी सोडून गेला. पोरगा भला निघाला. तिच्यासाठी आतून गादी लावलेली खास चप्पल त्यानं नागपूरहून करून आणली होती. ती घालून योगेश्वरी अंगणात हळूहळू चालते, एका अंगाला झुकून. कॉम्प्युटर सेंटरवर पुन्हा जाणार म्हणते, बसून शिकवायचं कबूल करून घेतलंय.

भैय्यालाल सगळ्यांशी बोलायचा, तिच्याशी नाही. म्हणजे बोलायचा, पण तिच्या खांद्याकडे पाहून. तीही त्याच्यासमोर पाय मांडीखाली घेऊन बसायची. शामकला दोघांच्या मध्ये ताट ठेवून आत निघून जायची.

एका दुपारी मी गेलो तेव्हा पाऊस उघडला होता. योगेश्वरी ओट्यावर भिंतीला टेकून बसली होती. डॉक्टरनं तिळाच्या तेलानं हलक्या हातानं चोळायला सांगितलं होतं, शीर जागी झाली तर झाली. शामकला शेतावर गेलेली. भैय्यालाल तेलाची वाटी घेऊन बाहेर आला आणि तिच्यापुढं उभा राहिला.

"मी लावू का बाई?"

तिनं वाटीतल्या तेलाकडे पाहिलं. मग तिनं पाय बाहेर काढला.

तो खाली बसला. पाय मांडीवर घेतला. जिथं बोट नव्हतं तिथली कातडी चमकत होती. त्यानं तेलात बोट बुडवलं आणि अंगठ्याच्या बुडाशी टेकवलं.

"दुखते का?"

"नाही बाबूजी. तिथं काही समजतच नाही."

"अन् इथं?"

"नाही."

"इथं?"

"नाही."

तो सगळा पंजा असा शोधत होता, जणू धानाच्या बांधीत कुठं तरी पाणी मुरतंय आणि ती जागा सापडत नाही. डॉक्टरनं सांगितलं होतं, दुखायला लागलं तर चांगलं समजा, शीर जिवंत आहे. मी तोंड फिरवून रस्त्याकडे पाहिलं. नाही, नाही, एवढंच ऐकू येत होतं. मग मला राहवलं नाही, मी परत पाहिलं. त्यानं बोट पुन्हा तेलात बुडवलं होतं, आणि ते आता कापलेल्या बोटाच्या जागेकडे येत होतं, जिथं ती तार होती. योगेश्वरी बापाच्या वाकलेल्या मानेकडे पाहत होती.

"इथं बाबूजी," ती म्हणाली. "इथं थोडं दुखते."

त्याचं बोट अजून पायाला लागलंही नव्हतं.